उलेमांचा शब्द आणि दुर्बलांची हाक : एक समीक्षा

ग्वाल्हेर शहरात हजिरा भागात शेख महंमद घौस यांचा मकबरा आहे. दगडी जाळ्यांच्या नाजूक कामासाठी तो प्रसिद्ध आहे आणि त्याच आवारात तानसेनाची कबर असल्यामुळे दर डिसेंबरात तेथे संगीतप्रेमींची दाटी होते. परंतु ज्या सूफी सत्पुरुषाच्या मकबऱ्यापुढे आपण उभे आहोत, त्याला एके काळी धर्मपंडितांच्या मताने मृत्युदंडास पात्र ठरविले होते, याची जाणीव त्यांपैकी थोड्यांनाच असते. शेरशहाच्या उदयानंतर घौस गुजरातेत गेले. आपल्याला आलेल्या स्वर्गारोहणाच्या अनुभवाचे वर्णन त्यांनी एका ग्रंथात केले होते. ते वाचून शेख अली मुत्तकी या नामांकित पंडिताने त्यांच्याविरुद्ध फतवा दिला. सुलतान महमूद याने मात्र तो लगेच अमलात आणला नाही. अहमदाबादचे विद्वान शाह वजीहुद्दीन यांचे मत त्याने मागविले. वजीहुद्दीन स्वतः घौस यांना भेटावयास गेले आणि परत आल्यावर त्यांनी तो फतवा फाडून टाकला, अशी हकीकत बदायुनीने नोंदविली आहे. पुढे ते घौस यांचे शिष्यही झाले. घौस ग्वाल्हेरला परतले आणि १५६३ साली निवर्तले.

याच शहराच्या किल्ल्यात १६१९ साली जहांगीर बादशहाने शेख अहमद सरहिंदी या धर्मपंडिताला कैदेत टाकले होते. म्हणजे पंडितांच्या शब्दाचा भार एका संतावर कसा पडतो आणि राजसत्तेचा भार पंडितावर कसा पडतो, या दोन्ही गोष्टींची साक्ष ग्वाल्हेर देते. या दोन सत्तांच्या मध्ये उलेमांनी कोठे उभे राहावे, हा प्रश्न इतिहासजमा झालेला नाही. उलेमांच्या संघटनांचे, विशेषतः त्यांच्या प्रांतिक शाखांचे, सार्वजनिक जीवनातील कार्य तपासताना तोच प्रश्न पुन्हा समोर येतो. प्रस्तुत लेखात जमियत-उल-उलेमा-ए-हिंद आणि तिची महाराष्ट्र शाखा यांच्या कार्याच्या आधारे त्याचा विचार करावयाचा आहे.

१. फतवा म्हणजे काय?

मराठीत ‘फतवा काढणे’ हा शब्दप्रयोग रूढ झाला आहे. एखाद्या अधिकाऱ्याने मनमानी हुकूम सोडला की ‘साहेबांनी फतवा काढला’ असे आपण सहज म्हणतो. या शब्दप्रयोगाने आपली मोठी दिशाभूल केली आहे. मूळ अर्थाने फतवा हा हुकूम नव्हे. कोणी प्रश्न विचारला असता मुफ्तीने शरियतच्या आधारे दिलेले ते मत होय. निवाडा देणारा तो काझी. मत देणारा तो मुफ्ती. प्रश्नकर्त्याला एका मुफ्तीचे मत पटले नाही तर तो दुसऱ्याकडे जाऊ शकतो. सुन्नी परंपरेत आपल्या महागुरुस्वामींसारखा अभिषिक्त अधिकारी नाही आणि सर्वांवर बंधनकारक निर्णय देणारी धर्मपरिषदही नाही. तेथे अधिकार विद्वत्तेचा असतो, आणि ती विद्वत्ता लोकांनी मान्य केली तरच तो चालतो.

भारताच्या सर्वोच्च न्यायालयाने ७ जुलै २०१४ रोजी विश्वलोचन मदन यांच्या याचिकेवर निर्णय देताना हीच गोष्ट कायद्याच्या भाषेत सांगितली. फतव्याला वा दारुल-कझाच्या निवाड्याला कायद्याचे बळ नाही आणि तो कोणावर लादता येणार नाही, असे न्यायालयाने म्हटले. मात्र मत देण्याची प्रथा बेकायदेशीर आहे, असे म्हटले नाही. ज्या व्यक्तीच्या हक्कांशी प्रश्न निगडित आहे, तिने विचारल्यावाचून तिऱ्हाइताच्या सांगण्यावरून फतवा देऊ नये, असेही त्यात सुचविले आहे. मताला मत म्हणून राहू देण्याचा हा विवेक आहे. घौस यांच्या प्रकरणात सुलतानाने दुसरे मत मागविले, तेव्हा त्यानेही याच विवेकाचा आश्रय घेतला होता.

तथापि एकट्या मुफ्तीचे मत आणि संघटित परिषदेचा ठराव यांत अंतर पडते. परिषद स्थापन झाली की तिला अध्यक्ष येतो, शाखा येतात, वृत्तपत्रांना निवेदने जातात आणि शासनाशी वाटाघाटी सुरू होतात. विद्वानांचे मत मग समाजाचा आवाज म्हणून मांडले जाऊ लागते. जमियत १९१९ साली खिलाफतीच्या चळवळीच्या काळात दिल्लीत स्थापन झाली, तेव्हाच हे स्थित्यंतर घडले. जमियतचे नेते मौलाना हुसेन अहमद मदनी यांनी १९३८ साली ‘मुत्तहिदा कौमियत और इस्लाम’ या ग्रंथात असे प्रतिपादिले की, एका भूमीत राहणारे भिन्नधर्मीय लोक मिळून एक राष्ट्र होऊ शकतात. पैगंबरांनी मदिनेत यहुदी टोळ्यांसह जो करार केला, त्याचा त्यांनी आधार घेतला. कवी इक्बाल यांच्याशी त्यांचा या प्रश्नावर वाद झाला आणि जमियतच्या मुख्य प्रवाहाने फाळणीला विरोध केला. धर्मग्रंथाच्या अभ्यासातून सार्वजनिक भूमिका कशी उभी राहते, याचे हे ठळक उदाहरण आहे. ईश्वरविज्ञानाच्या विद्यार्थ्याने ते अवश्य अभ्यासावे.

२. १९३१ ते १९३९ : ऐकलेली हाक

परंतु उलेमांच्या कार्याची खरी कसोटी राष्ट्रवादाच्या वादात लागली, असे आम्हांस वाटत नाही. ती लागली एका अधिक घरगुती प्रश्नात, आणि त्या प्रश्नाशी ख्रिस्ती मंडळीचाही अनपेक्षित संबंध आहे.

हिंदुस्थानातील बहुसंख्य मुसलमान हनफी संप्रदायाचे आहेत. त्या संप्रदायाच्या रूढ नियमांप्रमाणे पत्नीला विवाहबंधनातून सुटण्याचा मार्ग अतिशय अरुंद होता. पती बेपत्ता झाला तर त्याच्या वयाची माणसे हयात नसतील इतका काळ लोटेपर्यंत, म्हणजे जवळजवळ आयुष्यभर, तिने वाट पाहावी, असा नियम होता. पोटगी न देणाऱ्या वा छळ करणाऱ्या पतीपासूनही तिला सुटका मिळत नसे. मात्र धर्मांतर केल्यास विवाह आपोआप तुटतो, असे न्यायालये मानीत. परिणामी विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकांत, विशेषतः पंजाबात, काही गांजलेल्या स्त्रियांनी केवळ विवाहातून सुटण्यासाठी ख्रिस्ती झाल्याचे जाहीर केले.

येथे आपण क्षणभर थांबले पाहिजे. त्या स्त्रियांच्या नावांची नोंद बाप्तिस्म्याच्या वहीत झाली. पण त्या ख्रिस्ताकडे आल्या होत्या की एका बंद दरवाजातून बाहेर पडण्यासाठी धडपडत होत्या? ज्या दुःखाने त्यांना आपल्या दाराशी आणले, त्या दुःखाचा विचार न करता केवळ संख्येत भर पडली म्हणून समाधान मानणे हे मेंढपाळाचे काम नव्हे.

मौलाना अशरफ अली थानवी यांनी मात्र या घटनांचा अर्थ ओळखला. धर्मत्याग करणाऱ्या स्त्रियांना नुसता दोष देऊन ते थांबले नाहीत. आपल्या परंपरेत काय उणे पडले म्हणून या स्त्रिया बाहेर जात आहेत, असा प्रश्न त्यांनी केला. मदिनेतील मालिकी संप्रदायाच्या मुफ्तींशी पत्रव्यवहार करून त्यांनी १९३१ साली ‘अल-हीलत-उन-नाजिजा’ हा ग्रंथ सिद्ध केला. मालिकी मताप्रमाणे बेपत्ता पतीच्या पत्नीला चार वर्षांच्या प्रतीक्षेनंतर मुक्त होता येते. निकडीच्या प्रसंगी हनफींनी हे मत स्वीकारावे, असे त्यांनी प्रतिपादिले. धर्मांतराने विवाह तुटतो, या मताचाही त्यांनी फेरविचार केला. इतर उलेमांनी त्यांना पाठिंबा दिला. जमियतच्या पुढाकाराने विधेयक तयार झाले, काझी महंमद अहमद काझमी यांनी ते मध्यवर्ती कायदेमंडळात मांडले आणि १९३९ साली मुस्लिम विवाहविच्छेदाचा कायदा संमत झाला. पती चार वर्षे बेपत्ता असणे, दोन वर्षे पोटगी न देणे, त्याला सात वर्षांची कैद होणे, क्रूरपणाने वागणे इत्यादी कारणांवरून पत्नीला न्यायालयात विवाहविच्छेद मागता येऊ लागला. केवळ धर्मांतराने तिचा विवाह आपोआप तुटणार नाही, असेही त्यात ठरले. विवाहविच्छेदाचा निर्णय मुस्लिम न्यायाधीशानेच द्यावा, ही उलेमांची अट कायद्यातून गळाली आणि ते अंतिम स्वरूपावर नाराज राहिले, हेही येथे नमूद केले पाहिजे.

या प्रसंगाचे महत्त्व असे की, परंपरा न सोडता परंपरेतच वाट काढली गेली. आणि ती वाट काढण्यास कारण झाली दुर्बलांची हाक.

३. १९८५ : इंदूरची एक वृद्धा

यानंतर सुमारे पन्नास वर्षांनी, ग्वाल्हेर ज्या राज्यात आहे त्याच मध्य प्रदेशातील इंदूर येथून दुसरी हाक आली. शाहबानो यांचा विवाह १९३२ साली झाला होता. पाच अपत्यांची ही माता १९७५ साली घराबाहेर काढली गेली. तिने १९७८ च्या एप्रिलमध्ये पोटगीसाठी अर्ज केला. नोव्हेंबरमध्ये वकील असलेल्या पतीने तिला तलाक दिला. दंडाधिकाऱ्याने तिला दरमहा २५ रुपये मंजूर केले. मध्य प्रदेश उच्च न्यायालयाने १९८० साली ती रक्कम १७९ रुपये २० पैसे केली. पतीने सर्वोच्च न्यायालयात अपील केले. त्या प्रकरणात अखिल भारतीय मुस्लिम पर्सनल लॉ बोर्ड आणि जमियत या दोन्ही संघटना हस्तक्षेप करणाऱ्या पक्ष म्हणून उभ्या राहिल्या. इद्दतीच्या काळानंतर पतीवर पोटगीचे दायित्व नाही, असे त्यांचे म्हणणे होते. सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांच्या घटनापीठाने २३ एप्रिल १९८५ रोजी ते अमान्य करून अपील फेटाळले.

पुढचा इतिहास सर्वपरिचित आहे. देशभर सभा-मोर्चे झाले, शाहबानो यांनी स्वतःच्या बाजूने लागलेला निकाल जाहीर पत्राने नाकारला आणि १९८६ साली संसदेने नवा कायदा केला. न्यायालयाने समान नागरी कायद्याविषयी केलेल्या शेरेबाजीमुळे आणि कुराणाचा अर्थ लावण्याचे काम स्वतःकडे घेतल्यामुळे उलेमा दुखावले, हे खरे आहे. अल्पसंख्य समाजाला आपली ओळख पुसली जाण्याची भीती वाटते. ती भीती आपण ख्रिस्ती लोकांनी तरी हसण्यावारी नेऊ नये. परंतु १९३१ साली विचारला गेलेला प्रश्न १९८५ साली विचारला गेला नाही. तेव्हा उलेमांनी स्त्रीच्या दुःखातून शास्त्राकडे पाहिले होते. या वेळी त्यांनी समाजाच्या भीतीतून शास्त्राकडे पाहिले. पहिल्या वेळी मालिकी ग्रंथ उघडले गेले, दुसऱ्या वेळी सर्व ग्रंथ मिटले गेले. सत्तरीच्या घरातील एका स्त्रीच्या १७९ रुपयांवर एवढी मोठी विद्वत्ता खर्ची पडावी, हे आम्हांस खेदाचे वाटते.

पुढील घटनांनी या खेदात भर घातली. १९८६ च्या कायद्याचाच आधार घेऊन सर्वोच्च न्यायालयाने २००१ साली दानियल लतिफी प्रकरणात असे ठरविले की, पतीने इद्दतीच्या मुदतीतच पत्नीच्या पुढील आयुष्याची न्याय्य तरतूद केली पाहिजे. १० जुलै २०२४ रोजी न्यायालयाने पुन्हा स्पष्ट केले की, फौजदारी संहितेच्या १२५व्या कलमाचा मार्ग घटस्फोटित मुस्लिम स्त्रीलाही मोकळा आहे. २२ ऑगस्ट २०१७ रोजी एका दमात दिलेला तिहेरी तलाक रद्द ठरला, तेव्हाही बोर्डाची भूमिका अशी होती की, असा तलाक निंद्य आहे, तथापि तो लागू होतो. जे पाप आहे ते परिणामकारकही आहे, आणि त्याचा परिणाम पाप करणाऱ्याने नव्हे, दुसऱ्याने भोगावयाचा, हा युक्तिवाद कोणत्याही धर्माच्या नीतिशास्त्राला जड जावा असा आहे. २०१९ च्या कायद्याने तलाक देणाऱ्यास तीन वर्षांपर्यंत कैद ठेवली; पती तुरुंगात गेल्यावर पोटगी कोणी द्यावी, हा उलेमांचा आक्षेप निराधार नव्हता. परंतु जो प्रश्न वेळीच घरात सोडविला गेला नाही, तो पोलीस ठाण्यात गेला, याचा दोष केवळ शासनावर टाकता येत नाही.

४. महाराष्ट्रातील दोन चित्रे

महाराष्ट्रात या प्रश्नाला स्वतःचा इतिहास आहे. हमीद दलवाई यांनी १८ एप्रिल १९६६ रोजी सात मुस्लिम स्त्रियांना घेऊन मुंबईत विधिमंडळावर मोर्चा नेला आणि २२ मार्च १९७० रोजी पुण्यात मुस्लिम सत्यशोधक मंडळ स्थापन केले. दलवाईंनी लिहिले ते मराठीत. उलेमांचा व्यवहार मुख्यत्वे उर्दूत चालतो. कोकणातील मुसलमान, जे बहुतांशी शाफई संप्रदायाचे आहेत, घरात मराठीचीच बोली बोलतात. यास्तव महाराष्ट्रात उलेमांचे म्हणणे शेजाऱ्यांपर्यंत पोहोचते ते बहुधा वृत्तपत्रांच्या मथळ्यांतून, आणि दलवाई व उलेमा यांच्यात जो शास्त्रार्थ व्हावयास हवा होता, तो झाला नाही. दलवाईंचा पाया धर्मग्रंथ नव्हता, आणि उलेमांनी त्यांना धर्मद्रोही समजून दूर ठेवले. १९७७ साली दलवाई निवर्तले. त्यांच्या उत्तराची जागा रिकामीच राहिली.

हे पहिले चित्र झाले. दुसरे चित्र वेगळे आहे, आणि न्यायबुद्धीने लिहावयाचे तर ते तितक्याच ठळकपणे रेखाटले पाहिजे. ८ सप्टेंबर २००६ रोजी, शब-ए-बरातीच्या शुक्रवारी, मालेगावात स्फोट होऊन तीसहून अधिक माणसे मेली. मेलेले बहुतेक मुसलमान होते. या प्रकरणी मालेगावातील व इतर मुस्लिम तरुण पकडले गेले. जमियत उलेमा-ए-महाराष्ट्रच्या कायदेविषयक साहाय्य समितीने आरोपींसाठी वकील दिले. २०११ साली त्यांना जामीन मिळाला आणि २५ एप्रिल २०१६ रोजी विशेष न्यायालयाने आरोपींना आरोपमुक्त केले. ११ जुलै २००६ च्या मुंबईतील रेल्वे-स्फोटांच्या खटल्यातही या समितीने आरोपींची बाजू लढविली. २०१५ साली पाच जणांना फाशी व सात जणांना जन्मठेप झाली होती. २१ जुलै २०२५ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने त्या बाराही जणांना निर्दोष ठरविले. त्यांपैकी एक जण २०२१ सालीच तुरुंगात मरण पावला होता. सर्वोच्च न्यायालयाने २४ जुलै २०२५ रोजी हा निकाल पूर्वदाखला मानू नये असा आदेश दिला, परंतु सुटलेल्यांना पुन्हा तुरुंगात धाडले नाही. समितीचे प्रमुख गुलजार आझमी यांनी वर्षानुवर्षे हे काम नेटाने सांभाळले; २०२३ साली त्यांचे निधन झाले. अशा खटल्यांत उभे राहणारे तरुण वकील शाहिद आझमी यांची ११ फेब्रुवारी २०१० रोजी मुंबईत हत्या झाली, यावरून या कामाची जोखीम ध्यानात यावी.

धर्मपंडितांच्या परिषदेने कोर्टकचेऱ्यांत का पडावे, असा आक्षेप घेतला जातो. कुराणाच्या नवव्या अध्यायातील साठाव्या वचनात जकातीचे आठ अधिकारी सांगितले आहेत. त्यांत बंधनात पडलेल्यांच्या सुटकेचाही समावेश आहे. तेव्हा बंदिवानाची हाक ऐकणे हे उलेमांचे मूळचेच काम आहे. शिवाय ते त्यांनी दगडफेकीने नव्हे, तर वकीलपत्र दाखल करून, अपील करून, राज्यघटनेच्या चौकटीत केले. ३१ मे २००८ रोजी दिल्लीत जमियतच्या सभेत दहशतवादाविरुद्ध देवबंदचा फतवा जाहीर झाला होता, त्याच्याशी हे सुसंगतच आहे. निरपराधाला ठार मारणे पाप असेल, तर निरपराधाला फासावर चढविणेही पापच ठरते.

तरीही येथे एक उणीव राहते. रेल्वे-स्फोटांत १८० हून अधिक प्रवासी मेले. आरोपी सुटले, मग गुन्हेगार कोण? एकोणीस वर्षांनी त्या कुटुंबांच्या हाती काय आले? हा प्रश्न उलेमांच्या व्यासपीठावरून तितक्याच आवेशाने विचारला गेला, तर त्यांचा न्यायाचा आग्रह केवळ आपल्या माणसांपुरता नाही, हे सर्वांना दिसेल.

५. निष्कर्ष

उलेमांच्या परिषदेचे सार्वजनिक कार्य मोजावयाचे तर तिच्या ठरावांची संख्या वा सभांची गर्दी पुरेशी नाही. ती कोणाची हाक ऐकते, हे पाहिले पाहिजे. थानवी यांनी पंजाबातील गांजलेल्या पत्नीची हाक ऐकली. महाराष्ट्र शाखेने कोठडीतील तरुणाची हाक ऐकली. दोन्ही वेळी उलेमांचा शब्द मोठा झाला. इंदूरच्या वृद्धेची हाक मात्र समाजाच्या एकजुटीच्या घोषणांत बुडाली. तुरुंगाच्या फाटकापाशी मुलासाठी ताटकळणारी माता आणि पोटगीसाठी न्यायालयाची पायरी चढणारी परित्यक्ता या एकाच मोहल्ल्यातील असतात. कित्येकदा एकाच घरातील. पहिलीला वकील देणाऱ्या परिषदेने दुसरीसमोर विरुद्ध पक्षाचा वकील उभा करू नये, एवढीच आमची विनंती आहे.

दुसरे असे की, समाजाच्या वतीने एकमुखाने बोलण्याचा दावा परिषदेने सोडावा. शाफई, बोहरा, शिया, बरेलवी, अहले-हदीस यांचे स्वर भिन्न आहेत. २००५ साली शियांनी आणि स्त्रियांनी आपापली वेगळी बोर्डे स्थापन केली. २००८ साली खुद्द जमियतच दोन गटांत विभागली. मतभेद ही उलेमांच्या परंपरेची लाज नाही, ती तिची संपत्ती आहे. वजीहुद्दीन यांचे दुसरे मत नसते, तर ग्वाल्हेरात आज तो मकबरा नसता. स्त्री-विदुषींना या परिषदांत मताचा अधिकार मिळाला, तर तेही असेच एक दुसरे मत ठरेल.

हे लिहिताना आपल्या घराकडे पाहणे भाग आहे. १८६९ च्या घटस्फोट कायद्याने ख्रिस्ती पतीला केवळ व्यभिचाराच्या कारणावर घटस्फोट मिळे. पत्नीला मात्र व्यभिचाराबरोबर क्रूरता वा परित्याग असे दुसरे कारणही सिद्ध करावे लागे. हा अन्याय दूर होण्यास २००१ साल उजाडावे लागले. शाहबानो प्रकरणानंतरचा कायदा ज्या १९८६ साली झाला, त्याच वर्षी २४ फेब्रुवारीला मेरी रॉय यांच्या याचिकेवरील निकालाने केरळातील ख्रिस्ती कन्यांना वडिलांच्या संपत्तीत समान वाटा मिळाला, आणि त्या निकालाविरुद्ध तेथील चर्चच्या वर्तुळांतूनही आवाज उठले. आपल्याकडे अभिषिक्त अधिकारी आहेत, परिषदा आहेत, लेखी कायदेसंहिता आहे. तरीही हाक ऐकण्यास आपल्याला एकशे बत्तीस वर्षे लागली. मुसळ आपल्याही डोळ्यात आहे.

म्हणून ईश्वरविज्ञानाच्या विद्यार्थ्यांना आमचे सांगणे एवढेच आहे की, उलेमांविषयी बोलण्यापूर्वी १९३१ चा तो ग्रंथ कोणत्या दुःखातून निर्माण झाला, ते समजून घ्यावे. आणि पुढे धर्मगुरू झाल्यावर बाप्तिस्मा मागण्यास कोणी एकटी स्त्री आली, तर तिचे नाव वहीत लिहिण्यापूर्वी ती कशापासून पळून आली आहे, हे तिला शांतपणे विचारावे.